इस्रायलमधला निवडणुकीचा आठवडा: तेल अवीव, दिमोना, नाझरेथ

रविवार, ३० ऑक्टोबर २०२२, तेल अवीव

इस्रायलमध्ये रविवार कामाचा दिवस, सुट्टी शुक्रवार-शनिवारची, त्यामुळे एअरपोर्टवरून ट्रेन पकडली तेव्हा डबा ऑफिसला निघालेल्या लोकांनी आणि सुट्टी संपवून कॅम्पवर परत चाललेल्या सैनिक पोरापोरींनी गच्च भरलेला. एकोणीस-वीस वर्षांची मुलं, मांडीवर रायफल, कानात इअरफोन. परवा मंगळवारी मतदान. साडेतीन वर्षांत पाचव्यांदा, म्हणजे एप्रिल २०१९, सप्टेंबर २०१९, मार्च २०२०, मार्च २०२१ आणि आता १ नोव्हेंबर २०२२. यातल्या काही पोरांना मतदानाचा हक्क मिळाल्यापासून निवडणुकीशिवाय दुसरं काही बघायलाच मिळालं नसेल.

मी मुद्दाम ही तारीख धरून आलो. मी अलिबागकडचा, आमच्या लहानपणी गल्लीत बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या ज्यूंची कुटुंबं होती, आम्ही त्यांना शनवार तेली म्हणूनच ओळखायचो, तेल गाळायचा धंदा आणि शनिवारी घाणा बंद म्हणून. त्यातल्या एका घरची लेक लग्न होऊन १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला इकडे आली, आईची बालमैत्रीण म्हणून आम्ही तिला मावशीच म्हणतो, ती दक्षिणेकडच्या वाळवंटातल्या दिमोनाला राहते आणि फोनवर दर निवडणुकीला इतकं तावातावाने बोलते की एकदा हे सगळं तिच्या शेजारी बसून बघायचंच असं ठरवलं होतं.

हॉटेलवर बॅग टाकून सरळ किंग जॉर्ज रस्त्यावर गेलो, तिथे नेतन्याहूंच्या उजव्या लिकुड पक्षाचं मुख्यालय आहे, मेत्सुदात झेएव, बाहेरून एखाद्या जुन्या सरकारी ऑफिससारखी बिल्डिंग. आत बाहेर टीशर्टवाली मंडळी, फोनवर ओरडणारे कार्यकर्ते, कोपऱ्यात पाण्याच्या बाटल्यांचे खोके, हा सीन आपल्याला पाठ आहे. नेतन्याहू, ज्यांना सगळे बिबी म्हणतात, या वेळी बुलेटप्रूफ काचा लावलेल्या ट्रकमधून गावोगाव सभा घेत फिरले, लोक ट्रकभोवती जमायचे आणि ते काचेआडून बोलायचे. १९९६ ते ९९ आणि मग २००९ पासून सलग २०२१ पर्यंत हा माणूस पंतप्रधान होता, २०२० पासून भ्रष्टाचाराचा खटला चालू आहे, आणि देश दोन भागांत वाटला गेलाय तो डावे-उजवे असा नाही, "बिबी पाहिजे" आणि "बिबी नको" असा. बिबीच्या विरोधात असलेले कितीतरी नेते स्वतः कट्टर उजवे आहेत, लिबरमन, गिडॉन सार, दोघेही कधीकाळी त्यांच्याच सोबतीचे. हे समजून घेतल्याशिवाय इथलं काहीच कळत नाही.

पद्धत पण आपल्यापेक्षा वेगळी. अख्खा देश एकच मतदारसंघ. उमेदवाराला मत नाही, पक्षाच्या यादीला मत, आणि मतांच्या प्रमाणात क्नेसेतच्या, म्हणजे इथल्या संसदेच्या, १२० जागा वाटतात. बहुमताला ६१ लागतात आणि आजपर्यंत एकाही पक्षाला एकट्याने ६१ मिळालेल्या नाहीत, सगळ्यात जास्त म्हणजे १९६९ ला मजूर पक्षाच्या आघाडीला ५६. त्यामुळे इथे निवडणूक म्हणजे अर्धं काम, उरलेलं अर्धं जुळवाजुळवीचं. आणि एक चाळणी आहे, ३.२५ टक्के. त्याच्या खाली राहिलात की तुमची सगळी मतं कचऱ्यात. ही चाळणी आधी १ टक्का होती, मग दीड, मग २, आणि २०१४ ला ३.२५ केली. हा आकडा लक्षात ठेवा, पुढे याच आकड्याने सगळं उलटंपालटं केलं.

संध्याकाळी रॉथशिल्ड बुलेवारवर कॅफेत बसलो होतो, शेजारच्या टेबलावरच्या एका बाईंशी गप्पा झाल्या, शाळेत इतिहास शिकवतात. त्यांनी मधल्या पक्षांची जंत्री सांगितली आणि मला ती फार महत्त्वाची वाटली म्हणून रात्री लिहून काढली. १९७७ ला दाश नावाचा पक्ष आला, पहिल्याच फटक्यात १५ जागा, पुढच्या निवडणुकीपर्यंत संपला. २००३ ला शिनुईला १५, २००६ ला शून्य. मग २००५ मध्ये तेव्हाचे पंतप्रधान शेरॉन यांनी लिकुड फोडून कादिमा काढला, २००६ ला २९ जागा आणि सरकार, २००९ ला २८ म्हणजे सगळ्यात मोठा पक्ष, २०१३ ला २, त्यानंतर नावही नाही. एप्रिल २०१९ ला काहोल लवानला ३५, वर्षभरात तुकडे. आता याईर लापिदचा येश अतीद, २०१२ ला काढलेला, तो मात्र टिकलाय, आणि गंमत म्हणजे शिनुईवाले टॉमी लापिद हे याईरचेच वडील. बाई म्हणाल्या की मी यातल्या प्रत्येकाला एकदा मत दिलंय. मला वाटतं तेल अवीवच्या मध्यमवर्गाची अख्खी राजकीय कहाणी या एका वाक्यात आली, नवीन आणि स्वच्छ काहीतरी हवं, आणि ते आलं की दोन निवडणुकांत विटून जायचं. समोरच्या बाजूला मात्र लोक पन्नास वर्षं एका जागी उभे आहेत. ते का, हे बघायला दिमोनालाच जायला हवं होतं.

सोमवार, ३१ ऑक्टोबर, जेरुसलेम

फास्ट ट्रेनने अर्ध्या-पाऊण तासात जेरुसलेम. स्टेशन जमिनीच्या इतकं खाली आहे की सरकत्या जिन्यांवर जिने चढत वर यायलाच वेळ लागतो. वर आलं की थोड्या चालीवर महाने येहुदा मार्केट. इथे प्रत्येक नेता निवडणुकीआधी फेरी मारतोच, कारण हा लिकुडचा बालेकिल्ला. हलव्याचे डोंगर, डाळिंबाचा रस, ऑलिव्हचे पिंप, आणि वर बेन ग्वीर या अतिउजव्या नेत्याची पोस्टर.

मसाल्याच्या एका दुकानात साठीतले गृहस्थ होते, आईवडील इराकहून आलेले. हळदीचा भाव विचारला, मी भारतातला म्हटल्यावर खुश झाले आणि स्टूल पुढे केलं. म्हणाले, माझे वडील बगदादमध्ये हिशेबनीस होते, इथे उतरल्या उतरल्या अंगावर डीडीटी मारली, मग तंबूत ठेवलं, मग हातात कुदळ दिली. हे १९५० च्या दशकाच्या सुरुवातीचं. इराक, येमेन, मोरोक्को इथून आलेल्या लाखो ज्यूंना छावण्यांत ठेवलं, त्या छावण्यांना माबारा म्हणायचे, आणि मग वाळवंटातल्या, सीमेवरच्या नवीन गावांत पाठवून दिलं. सरकार तेव्हा मापाईचं, म्हणजे बेन गुरियनच्या मजूर पक्षाचं, युरोपातून आलेल्या लोकांचं. डीडीटीची गोष्ट मी वाचली होती, पण समोर बसलेला माणूस बोटाने स्वतःच्या मानेवर दाखवतो की इथे मारली, वडिलांच्या, आणि ही गोष्ट सत्तर वर्षं जुनी आहे आणि उद्या तो याच गोष्टीवर मत देणार आहे, तेव्हा ती अंगावर येते.

मुस्रारा मोहल्ला तिथून लांब नाही. १९७१ ला इथल्याच मोरोक्कन पोरांनी ब्लॅक पँथर्स नावाची चळवळ काढली, घरं, शाळा, नोकऱ्या, पोलिसांचा त्रास हे विषय. त्यांना भेटून झाल्यावर गोल्डा मेयर म्हणाल्या होत्या की ही काही चांगली मुलं नाहीत. पंतप्रधान बाईंचं एक वाक्य, पण अजून विसरलेलं नाही कोणी. सहा वर्षांनी, मे १९७७ ला, २९ वर्षं सलग सत्तेत असलेला मजूर पक्ष पडला आणि मेनाखेम बेगिन आले, लिकुड ४३, मजूर आघाडी ३२. बेगिन स्वतः पोलंडचे, सुटाबुटातले, पण त्यांनी या लोकांशी मान देऊन बोलायला सुरुवात केली एवढं पुरलं.

दुपारी मेआ शेआरीम, कट्टर धार्मिक ज्यूंचा मोहल्ला. भिंती काळ्या-पांढऱ्या पत्रकांनी भरलेल्या, काहींवर अमुक रब्बींचा आदेश, यांनाच मत द्या, आणि त्याच भिंतीवर दुसऱ्या गटाची पत्रकं की या राज्याच्या निवडणुकीत भाग घेणं हेच पाप. या लोकांचे, म्हणजे हरेदींचे, पक्ष दोन, युरोपीय वंशाच्यांचा युनायटेड तोरा आणि पूर्वेकडच्यांचा शास. दोन्हींच्या यादीत एकही बाई नाही, आणि हे मला अजिबात पटत नाही, पण रब्बीने सांगितलं की झाडून सगळे मतदान करतात, त्यामुळे कोणाचंही सरकार येवो, यांना विचारल्याशिवाय सहसा चालत नाही.

गेल्या वर्षी मात्र चाललं. जून २०२१ ला नफ्ताली बेनेट या उजव्या नेत्याने आणि लापिदनी आठ पक्षांचं सरकार बनवलं, त्यात हरेदी नव्हते आणि पहिल्यांदाच एक अरब पक्ष होता, मन्सूर अब्बास यांचा राम. बेनेटकडे स्वतःच्या पक्षाच्या जागा सात. एका मताच्या काठावर ते सरकार वर्षभर टिकलं, एप्रिल २०२२ ला बेनेटच्याच पक्षाच्या एक बाई बाहेर पडल्या, मग उतरती कळा लागली आणि ३० जूनला क्नेसेत बरखास्त.

संध्याकाळच्या बसने बीरशेवा, तिथून दिमोना. रात्री नऊला मावशी बिल्डिंगखाली उभी. "किती वाळलास रे," हे पहिलं वाक्य. ताटात नारळाच्या दुधातलं चिकन आणि भात, मांसासोबत दूध-दही चालत नाही म्हणून सगळं नारळावर, आणि चव थेट आमच्या आळीतली.

मंगळवार, १ नोव्हेंबर, दिमोना

मतदानाची सुट्टी. केंद्रं सकाळी सातला उघडतात आणि रात्री दहाला बंद. मावशीने सकाळीच इस्त्रीची साडी काढली, एरवी ती घरी मॅक्सीत आणि बाहेर पँट-ब्लाऊजमध्ये असते, पण मतदानाला साडी. दादा म्हणजे तिचा मुलगा गाडी काढत होता, ती म्हणाली चालत जाऊ, शाळा काय लांब आहे.

मला अर्थातच आत जाऊ दिलं नाही, गेटपर्यंतच. पण पद्धत मावशीने इतक्या बारकाईने सांगितली की बघितल्यासारखंच आहे. ओळखपत्र द्यायचं, ते निळा लिफाफा देतात. पुठ्ठ्याच्या आडोशामागे एक ट्रे, त्यात खण, प्रत्येक पक्षाच्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा, चिठ्ठीवर एक-दोन-तीन हिब्रू अक्षरं मोठी छापलेली आणि खाली पक्षाचं नाव. आपली चिठ्ठी उचलायची, लिफाफ्यात घालायची, बाहेर येऊन पेटीत टाकायची. मशीन नाही, बोटाला शाई नाही. काही उपद्रवी लोक विरोधी पक्षाच्या चिठ्ठ्या खाली दाबून ठेवतात किंवा खिशात घालून नेतात म्हणून अधिकारी अधूनमधून आत जाऊन ट्रे नीट लावतात. मावशी म्हणाली, "मी आपली मधली चिठ्ठी काढते, वरच्या चिठ्ठीला कुणी पेनानं खूण केलेली असली तर मत बाद." साठ वर्षांची सवय आहे ती.

बाहेर पडली तेव्हा चेहरा असा की मोठं काम उरकलं. मत कोणाला हे विचारायची गरजच नव्हती. वहिनी मोरोक्कन घरातल्या, त्यांचं माहेर शासवालं, त्या मात्र आता लिकुडच्या. दादा सांगत नाही, मला वाटतं येश अतीद. नातू सैन्यात, त्याने कॅम्पवरच मत दिलं, सैनिकांची मतं दोन लिफाफ्यांत जातात आणि सगळ्यात शेवटी मोजतात. त्याने घरच्या ग्रुपवर सरळ लिहिलं होतं, बेन ग्वीर. यावर मावशी गप्प झाली. मग म्हणाली, "पोरगं रात्र-रात्र जागतं ड्युटीवर, त्याला काय म्हणू? पण तो माणूस मला नको वाटतो रे." मलाही नको वाटतो आणि हे स्पष्ट लिहितो. १९८४ ला कहाने नावाचे रब्बी एका जागेवर निवडून आले, अरबांना हाकला म्हणणारे, १९८८ ला त्यांच्या पक्षाला वंशद्वेषी म्हणून निवडणूकच लढू दिली नाही. बेन ग्वीर त्याच शाळेतले, २००७ ला वंशद्वेष भडकवल्याबद्दल कोर्टाने दोषी ठरवलेले. चौतीस वर्षांत बंदीपासून तिसऱ्या नंबरच्या यादीपर्यंत हा प्रवास झाला, आणि तो कोणी परक्याने नाही, अशाच घरांतल्या चांगल्या पोरांनी करवला. मे २०२१ ला लोदसारख्या मिश्र शहरांत ज्यू-अरब दंगली झाल्या, त्याची भीती अजून ताजी आहे, तिथून हे मत येतं. भीती खरी आहे. तिच्यावर मागितलेला उपाय मला भयंकर वाटतो.

रात्री दहाला तिन्ही चॅनलवर एकदम एक्झिट पोल. सगळे सोफ्यावर. नेतन्याहूंच्या गटाला ६१-६२. वहिनींनी टाळ्या वाजवल्या, मावशीने डोळे मिटून काहीतरी पुटपुटलं, दादा चहा ठेवायला उठला.

बुधवार, २ नोव्हेंबर, दिमोना

मोजणी चालू, टीव्ही बंदच होत नव्हता. मतदान ७०.६ टक्के, पाचव्यांदा सुद्धा, या गोष्टीचं मला मनापासून कौतुक वाटतं.

दुपारी मावशीने सुपारी कातरत कातरत सगळं पहिल्यापासून सांगितलं. "आम्हांला ट्रकात घालून रात्रीच आणलं. गावात घर देतो म्हणाले. सकाळी दार उघडून बघते तर चहूकडे रेती. तुझे काका म्हणाले परत जाऊ, पण परत जायला पैसे कुणाकडे?" दिमोना १९५५ ला वसवलेलं, कापडाच्या गिरण्या काढल्या, मुंबईच्या गिरण्या बघितलेल्या आपल्या लोकांना तिथे कामं मिळाली. काम मिळायचं ते हिस्ताद्रूतमार्फत, म्हणजे मजूर पक्षाची कामगार संघटना, तिची लाल पुस्तिका. ती पुस्तिका असेल तर काम, ती असेल तर दवाखाना. मग मत कोणाला? "मापाईलाच की. दुसरं काही असतं हे माहीत कुठे होतं."

आणि मग लग्नांचा विषय. १९६१-६२ च्या सुमारास मुख्य रब्बींच्या धर्मपीठाने बेने इस्रायलींच्या लग्नांवर अट घातली, की आई, आजी, जितकं मागे जाता येईल तितकं तपासा, यात परधर्माची सरमिसळ आहे का बघा, मगच लग्न लावा. शेकडो वर्षं कोकणात शनिवार पाळला, मुलांची सुंता केली, शेमाची प्रार्थना म्हटली, आणि इथे येऊन ऐकायचं की तुम्ही खरे ज्यू आहात का. लोक पेटले. १९६४ च्या उन्हाळ्यात जेरुसलेमला धरणं, काका तिथे बसले होते, मावशी पोटुशी म्हणून घरी. ऑगस्टमध्ये क्नेसेतने खास बैठकीत ठराव केला की बेने इस्रायली सर्व बाबतीत ज्यूच आहेत, पंतप्रधान एश्कोल स्वतः बोलले, मग धर्मपीठालाही माघार घ्यावी लागली.

मी म्हटलं, मावशी, अट घातली धर्मपीठाने आणि ठराव केला मजूर पक्षाच्या सरकारने, मग राग मजूर पक्षावर का? ती बराच वेळ कातरत राहिली. "ठराव केला, पण तीन वर्षं कुणी विचारलं नाही. आमची माणसं फुटपाथवर बसली तेव्हा विचारलं."

संध्याकाळी वरच्या मजल्यावरच्या घरी मलिदा होता, म्हणजे बेने इस्रायलींचा देवाचे आभार मानायचा विधी, त्यांच्या नातीचं कॉलेजचं काम झालं म्हणून. परातीत भिजवलेले पोहे, खोबरं, साखर, वेलची, वर केळी, खजूर, बाजूला फुलं, आणि म्हातारी मंडळी एलियाहू हनबीचं, म्हणजे प्रेषित एलियाचं, गाणं म्हणतायत. अलिबागजवळचा एलियाहूचा टप्पा, तो जिथे येऊन गेला असं मानतात ती जागा, अजून तसाच आहे का, हे मला चौघांनी विचारलं. प्रसाद वाटून झाला आणि राजकारण सुरू झालं, मराठीत, मध्येच हिब्रू.

तिथे दुसरे एक काका होते, ऐंशीच्या घरातले, गिरणीत युनियनचं काम केलेले, त्या खोलीतले मजूर पक्षाचे एकटे मतदार. एकटे. टीव्हीवर आकडा दिसत होता, मजूर पक्ष ४. ज्या पक्षाने देश उभा केला, १९४९ च्या पहिल्या निवडणुकीत ज्याला ४६ जागा होत्या, १९९२ ला यित्झाक राबिन पंतप्रधान झाले तेव्हा ४४, तो पक्ष कसाबसा चाळणीवर तरंगत होता. काका म्हणाले, "ही घरं कोणी बांधली? शाळा कोणी काढली? गिरणी कोणी आणली? लिकुडच्या राज्यात तर गिरण्या बंद पडल्या." मावशी म्हणाली, "बांधली भाऊ, नाही कोण म्हणतं. पण आम्हांला कुठे राहायचंय, काय शिकायचंय, हे कधी विचारलंत?" काका म्हणाले, मीसुद्धा त्याच ट्रकातून आलो. त्यावर कोणाकडे उत्तर नव्हतं आणि कोणी विषयही बदलला नाही, दोघं आणखी अर्धा तास भांडले. दोघांचंही खरं आहे. मजूर पक्षाने यांना छप्पर, काम, औषध सगळं दिलं आणि बरोबरीचं कधी समजलं नाही, आणि माणूस पहिलं विसरतो, दुसरं नातवापर्यंत पोचवतो.

गुरुवार, ३ नोव्हेंबर, नाझरेथ

पहाटे निघून ट्रेन, बस करत नाझरेथ, देशाच्या एका टोकाकडून दुसऱ्याकडे. इस्रायलमधलं सगळ्यात मोठं अरब शहर. चढ-उताराच्या गल्ल्या, चर्चच्या घंटा आणि अजान, वेलचीची कॉफी. देशाचे एक पंचमांश नागरिक अरब आहेत, त्यांना मताचा हक्क पहिल्या दिवसापासून, पण १९६६ पर्यंत त्यांच्यावर लष्करी अंमल होता, दुसऱ्या गावी जायला परवाना लागायचा. मत देता येतं पण गाव सोडता येत नाही, असं नागरिकत्व.

नाझरेथ कम्युनिस्टांचं, हदाशचं जुनं ठाणं, कवी तौफिक झियाद इथे १९७५ पासून जवळपास वीस वर्षं महापौर होते. गेस्टहाऊसच्या मालकाने अंगणात कॉफी दिली आणि सगळं उलगडून सांगितलं. २०१४ ला चाळणी ३.२५ टक्के केली, लिबरमन यांच्या पुढाकाराने, अरबांचे लहान पक्ष गळतील असा हिशोब सगळ्यांनी मांडला होता. झालं उलटं, २०१५ ला चारही पक्ष एकत्र आले, संयुक्त यादी, १३ जागा, मार्च २०२० ला तर १५. मग २०२१ ला राम वेगळा झाला, सरकारात गेला. आणि या वेळी यादी भरायच्या शेवटच्या घटकेला बलाद पण वेगळा निघाला. मालकाने बलादला मत दिलं, त्यांच्या भावाने हदाशला, मुलगा घरीच झोपला. मुलाचं म्हणणं, आत बसून काय मिळालं आणि बाहेर राहून काय मिळालं. मन्सूर अब्बासबद्दल विचारलं तर ते सावकाश बोलले, की रस्ते, पैसे, बेदुईन गावांना वीज, हे मागण्यात चूक काय, पण २०१८ ला कायदा केला की हा देश फक्त ज्यूंचा राष्ट्रदेश, त्या कायद्यावर अब्बास गप्प राहिले ते मला गिळवत नाही. मला अब्बास यांचा मार्ग बरोबर वाटतो, आधी टेबलावर जागा मिळवा, तसं मी म्हणालोही. ते म्हणाले, तुम्हाला वाटणं सोपं आहे. तेही खरंच.

संध्याकाळी अंतिम निकाल. लिकुड ३२, येश अतीद २४, बेन ग्वीर-स्मोट्रिच यांची यादी १४, माजी सेनाप्रमुख गँट्झ यांची यादी १२, शास ११, युनायटेड तोरा ७, लिबरमन ६, राम ५, हदाश ५, मजूर ४. नेतन्याहू गट ६४. आणि मेरेत्झ, १९९२ पासूनचा डावा पक्ष, ३.१६ टक्के, जेमतेम चार हजार मतांनी चाळणीतून खाली. बलाद २.९ टक्के. या दोघांची मिळून २ लाख ८९ हजार मतं वाया. दोन्ही गटांच्या एकूण मतांत फरक होता फक्त तीसेक हजारांचा, आणि जागांत फरक ६४ विरुद्ध ५६. मजूर पक्ष आणि मेरेत्झ एकत्र लढा म्हणून लापिदनी विनवलं होतं, मजूर पक्षाच्या मेराव मिखाएलींनी नाही म्हटलं. म्हणजे देश उजवीकडे वाहून गेला वगैरे जे दुसऱ्या दिवशी सगळीकडे छापून आलं ते अर्धंच खरं. मतदार जवळपास तिथेच होता. एका बाजूने नेतन्याहूंनी स्वतः बसून छोट्या पक्षांची मोट बांधली, दुसऱ्या बाजूने प्रत्येकाने आपापलं छोटं घर जपलं. याचा मला त्या रात्री खूप राग आला, आणि तो राग मला कळतो कुठून येतो, आपल्याकडे हेच किती वेळा बघितलंय.

मालकाने टीव्ही बंद केला, मुलाला उठवलं आणि गल्ली झाडायला पाठवलं.

शुक्रवार, ४ नोव्हेंबर, तेल अवीव

दुपारनंतर सगळं बंद होणार म्हणून सकाळीच राबिन चौकात गेलो. आजचीच तारीख, ४ नोव्हेंबर १९९५, शांततेची सभा संपवून गाडीकडे जाताना यित्झाक राबिनना एका ज्यू तरुणानेच गोळ्या घातल्या. महापालिकेच्या इमारतीला लागून ती जागा, तिथे काळे बसाल्टचे दगड, भूकंप झाल्यासारखे जमिनीतून वर आलेले. फुलं, मेणबत्त्या, शाळेची एक ट्रिप.

याच चौकात त्याच्या चौदा वर्षं आधी आणखी एक गोष्ट घडली होती. २७ जून १९८१, निवडणुकीला तीन दिवस, मजूर आघाडीची प्रचंड सभा. एका विनोदी कलाकाराने स्टेजवरून लिकुडच्या मतदारांसाठी एक हिणकस शब्द वापरला, पूर्वेकडच्या ज्यूंना चिडवायचा. दुसऱ्या रात्री बेगिन याच चौकात उभे राहिले आणि तोच शब्द पुन्हा पुन्हा उच्चारून म्हणाले की ही आमची माणसं आहेत, आमचे सैनिक आहेत. ३० जूनला लिकुड ४८, मजूर आघाडी ४७. मावशी ते भाषण रेडिओवर ऐकल्याचं अजून सांगते. तारखा, कोण कुठे उभं होतं, सगळं. मजूर पक्षवाल्यांना हे का समजलं नाही हे मला खरंच कळत नाही, समोर लिहून ठेवल्यासारखं होतं.

त्यानंतरचं थोडक्यात. २९ डिसेंबर २०२२ ला नेतन्याहूंचं सरकार आलं, बेन ग्वीर राष्ट्रीय सुरक्षामंत्री झाले. जानेवारीत सुप्रीम कोर्टाचे अधिकार कमी करायची योजना आली आणि दर शनिवारी रात्री लाखो लोक रस्त्यावर उतरले, दादा बीरशेवाच्या मोर्चात गेला, वहिनींशी चार दिवस अबोला. मग ७ ऑक्टोबर २०२३ आणि युद्ध, त्याबद्दल या लेखाच्या शेपटाला लिहिणं मला योग्य वाटत नाही, ते वेगळं आणि फार मोठं आहे. जुलै २०२४ ला मजूर पक्ष आणि मेरेत्झ शेवटी विलीन झाले, डेमोक्रॅट्स नाव घेतलं, याईर गोलान प्रमुख.

ती बातमी वाचून मावशीला फोन केला. ती म्हणाली, मत आपलं लिकुडलाच, ते काय बदलायचं नाही. पण वरच्या मजल्यावरचे काका आता या वयात नव्या पक्षाच्या मीटिंगला बीरशेवाला बसने जातात, आणि येताना रात्र होते म्हणून दादा गाडी घेऊन स्टॉपवर जाऊन थांबतो.